महानगराचा कोलाहल आणि माणसाचा कान

पहाटेपासून मध्यरात्रीपर्यंत

कोलकाता शहरात पहाटेचा पहिला आवाज बहुधा कावळ्यांचा असतो. त्यापाठोपाठ रस्त्याच्या कडेच्या नळाखाली बादल्या वाजू लागतात, दुकानांची लोखंडी दारे खडखडत वर जातात आणि अरुंद गल्लीतून भाजीवाल्याची लांबवलेली हाक ऐकू येते. हाताने रिक्षा ओढणारा माणूस बोटांत धरलेली लहानशी घंटा दांड्यावर आपटून वाट मागतो. दिवस वर आला म्हणजे बसगाड्या व मोटारी यांचे भोंगे या सर्वांवर मात करतात. तिन्हीसांजेला घरोघरी शंख फुंकले जातात, मशिदींतून अजान होते. रात्री उशिरा रस्ते शांत झाले की हुगळी नदीवरील जहाजाचा भोंगा आणि हावड्याच्या बाजूने येणारी आगगाडीची शिट्टी दूरच्या वस्तीतही स्पष्ट ऐकू येते.

या ध्वनींना शहरवासी इतका सरावलेला असतो की त्यांच्याकडे त्याचे सहसा लक्षच जात नाही. तथापि त्यांतील प्रत्येक ध्वनी काही ना काही सांगत असतो. रिक्षाची घंटा सांगते, ‘बाजूला व्हा’; भाजीवाल्याची हाक सांगते, ‘माल दारी आला’; शंख सांगतो, ‘दिवेलागणीची वेळ झाली’. शहराचा आवाज म्हणजे अशा हजारो निरोपांची देवघेव होय. हे निरोप कानापर्यंत कसे पोचतात, ते वाटेत केव्हा हरवतात आणि अतिरेकी गोंगाटाने ऐकणाऱ्या कानाची कोणती हानी होते, या तीन गोष्टींचा विचार पुढे केला आहे.

ध्वनीची उत्पत्ती आणि प्रवास

घंटेवर टोला बसला की तिचा धातू थरथरू लागतो. तो पुढे येतो तेव्हा लगतची हवा दाबली जाते आणि मागे जातो तेव्हा तेथील हवा विरळ होते. हा दाब व हा विरळपणा शेजारच्या हवेत, तेथून तिच्या पलीकडच्या हवेत, असा पुढे सरकत जातो. हवा स्वतः दूरवर जात नाही. दाट गर्दीत मागून आलेला धक्का एका माणसाकडून दुसऱ्याकडे जातो, पण माणसे आपापल्या जागीच राहतात, तसाच हा प्रकार आहे. २० अंश सेल्सिअस तापमानाच्या हवेत ध्वनीचा हा तरंग सेकंदास सुमारे ३४३ मीटर वेगाने जातो. म्हणजे एक किलोमीटर अंतर कापण्यास त्याला जवळजवळ तीन सेकंद लागतात. म्हणूनच दूरच्या मैदानात उडालेल्या फटाक्याचा उजेड आधी दिसतो आणि बार मागाहून ऐकू येतो.

एका सेकंदात जितकी कंपने होतात त्या संख्येस कंप्रता म्हणतात आणि ती हर्ट्झ या एककात मोजतात. कंप्रता कमी असेल तर आवाज खर्जातला, म्हणजे जाड लागतो. ती जास्त असेल तर आवाज बारीक व तीक्ष्ण लागतो. तरुण आणि निरोगी माणसाच्या कानाला साधारणपणे २० ते २०,००० हर्ट्झपर्यंतचे ध्वनी ऐकू येतात. मालमोटारीच्या इंजिनाची घरघर या पट्ट्याच्या खालच्या टोकाला असते, तर ब्रेकचे किंचाळणे बरेच वर, काही हजार हर्ट्झच्या प्रदेशात असते.

सूर आणि कर्कश आवाज

१९०७ साली चंद्रशेखर वेंकट रामन हे वित्त खात्यातील नोकरीनिमित्त कलकत्त्यास आले. तेव्हा शहरात विजेवर चालणारी ट्राम सुरू होऊन पाच वर्षे झाली होती. ट्राममधून जाताना त्यांना बहूबाजार रस्त्यावर एका विज्ञानसंस्थेची पाटी दिसली. डॉ. महेंद्रलाल सरकार यांनी १८७६ साली स्थापन केलेली ‘इंडियन असोसिएशन फॉर द कल्टिव्हेशन ऑफ सायन्स’ ती हीच. कचेरीच्या वेळेखेरीजचा आपला वेळ रामन तेथील प्रयोगशाळेत घालवू लागले. पुढे प्रकाशाच्या संशोधनासाठी त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले हे सर्वांना ठाऊक आहे. परंतु त्यापूर्वी बरीच वर्षे त्यांचा आवडता विषय ध्वनी हा होता.

व्हायोलिनच्या तारेवर गज फिरतो तेव्हा काय घडते, याचा त्यांनी सखोल अभ्यास केला. राळ लावलेला गज तारेला चिकटून तिला थोडे ओढून नेतो. ताण वाढला की तार निसटते व मागे उसळते. गज तिला पुन्हा पकडतो. चिकटणे आणि निसटणे हा क्रम सेकंदास शेकडो वेळा होतो आणि त्यातून सूर निघतो. आश्चर्याची गोष्ट अशी की, रुळांचे वळण घेताना ट्रामची चाके किंचाळतात त्याच्या मुळाशीही हीच क्रिया असते. वळणावर चाक रुळावरून किंचित आडवे घसरते; ते क्षणभर चिकटते, क्षणभर निसटते, आणि पोलादी चाक घंटेसारखे कंप पावू लागते. सप्टेंबर २०२४ मध्ये राज्य सरकारने एक लहानसा मार्ग वगळून कोलकात्याची ट्रामसेवा बंद करण्याचा निर्णय जाहीर केला. परंतु तो परिचित आवाज ऐकत मोठ्या झालेल्या पिढ्या शहरात अद्याप आहेत.

मग व्हायोलिन गोड का वाटते आणि चाक कर्कश का वाटते? कंप पावणारी वस्तू एकच ध्वनी देत नाही. मूळ ध्वनीबरोबर तिच्यातून अनेक अधिक उंच ध्वनी निघतात. त्यांना उपस्वर म्हणता येईल. तारेच्या बाबतीत उपस्वरांच्या कंप्रता मूळ कंप्रतेच्या दुप्पट, तिप्पट, चौपट अशा नेमक्या पटीत असतात आणि म्हणून ते मूळ स्वरात मिसळून जातात. पत्रा, चाक किंवा साधा ढोल यांचे उपस्वर अशा पटीत नसतात. ते परस्परांशी जुळत नाहीत. तबला व मृदंग मात्र याला अपवाद आहेत. रामन आणि शिवकाली कुमार यांनी १९२० साली दाखवून दिले की, या वाद्यांच्या पुडीच्या मधोमध चढविलेल्या शाईच्या वजनामुळे त्यांचे उपस्वर जवळजवळ नेमक्या पटीत येतात. ज्या कारागिरांनी शाईची ही युक्ती शोधून काढली त्यांची नावे उपलब्ध नाहीत. त्यांच्याजवळ ना गणित होते, ना यंत्रे. त्यांच्याजवळ होता तो केवळ तयार कान.

कोपऱ्यापलीकडून येणारा आवाज

दुर्गापूजेच्या दिवसांत कोलकात्याच्या गल्लीत उभ्या असलेल्या माणसाला दोन वळणे पलीकडे वाजणाऱ्या ढाकाचा घुमारा ऐकू येतो. परंतु त्याच्याबरोबर वाजणाऱ्या काशाच्या थाळीचा बारीक आवाज येत नाही. याचे कारण तरंगांच्या लांबीत आहे. १०० हर्ट्झच्या ध्वनीचा एक तरंग सुमारे साडेतीन मीटर लांब असतो, तर ३,४०० हर्ट्झच्या ध्वनीचा केवळ दहा सेंटिमीटर. लांब तरंग घराच्या कोपऱ्याला वळसा घालून पुढे जातात. आखूड तरंग भिंतीवर आदळून परततात. म्हणून भिंतीआड बसलेल्या माणसापर्यंत ढोलाचा व इंजिनाचा जाड आवाज पोचतोच.

रात्री दूरचा भोंगा ऐकू येण्याचे कारण वेगळे आहे. त्या वेळी इतर आवाज कमी असतात हे तर खरेच. पण हवेचाही त्यात वाटा असतो. ध्वनीचा वेग हवेच्या तापमानाबरोबर वाढतो. तापमान एक अंशाने चढले की वेग सेकंदास सुमारे ०.६ मीटरने वाढतो. उन्हाळी दुपारी जमिनीलगतची हवा तापलेली आणि वरची थंड असते. म्हणून ध्वनीचे तरंग वरच्या बाजूस वळतात आणि दूरच्या माणसाच्या डोक्यावरून निघून जातात. हिवाळ्याच्या निरभ्र रात्री जमीन लवकर निवते. तिच्यालगतची हवा थंड आणि वरची तुलनेने उबदार राहते. आता तरंग खाली वळतात आणि दिवसा जो आवाज आकाशात विरून जाई तो जमिनीशी परत येतो. रात्रीच्या ध्वनिक्षेपकाचा त्रास दूरच्या वस्तीस अधिक होतो त्याचे एक कारण हेच.

आवाजाचे मोजमाप

कान ज्या सर्वांत मंद आवाजाची दखल घेऊ शकतो आणि ज्या आवाजाने कानात कळ येते, त्या दोहोंच्या तीव्रतेत एकास एकावर बारा शून्ये इतके प्रमाण आहे. एवढे मोठे आकडे वापरणे गैरसोयीचे असल्यामुळे डेसिबल हे माप प्रचारात आले. त्याचे नाव टेलिफोनचे संशोधक अलेक्झांडर ग्रॅहॅम बेल यांच्यावरून पडले. बेल हे बहिऱ्या मुलांचे शिक्षक होते, ही गोष्टही येथे लक्षात ठेवण्याजोगी आहे.

या मापात ऐकू येण्याच्या किमान मर्यादेला शून्य मानतात. तेथून तीव्रता दहापट झाली की १० डेसिबल, शंभरपट झाली की २०, हजारपट झाली की ३०, अशी मोजणी चालते. पानांची सळसळ २० डेसिबलच्या आसपास असते. एक मीटरवरून चाललेले साधे संभाषण ६० च्या आसपास, आणि वाहत्या हमरस्त्याच्या कडेचा आवाज ८० च्या आसपास असतो. म्हणजे रस्त्यावरील आवाजाची तीव्रता संभाषणाच्या शंभरपट झाली.

डेसिबलची बेरीज साध्या अंकगणिताप्रमाणे होत नाही. ८० डेसिबलचे दोन भोंगे एकदम वाजले तर १६० डेसिबल होत नाहीत, ८३ होतात. कारण तीव्रता दुप्पट होणे म्हणजे तीन डेसिबलांची वाढ होय. माणसाला आवाज ‘दुप्पट मोठा’ वाटण्यास मात्र सुमारे दहा डेसिबलांची वाढ लागते. येथेच कानाची फसगत होते. तीव्रता दुप्पट झाली तरी ऐकणाऱ्याला किंचित फरक जाणवतो. कानाच्या आतील नाजूक पेशींवर पडणारा भार मात्र खरोखरच दुप्पट झालेला असतो.

झाकोळलेले निरोप

गोंगाटाचा पहिला परिणाम असा की, त्यात उपयुक्त ध्वनी बुडून जातात. सूर्यप्रकाशात तारे असतात, पण दिसत नाहीत. तद्वत शंभर भोंग्यांच्या आवाजात रिक्षाची घंटा वाजत असते, पण ऐकू येत नाही. मग घंटा वाजविणारा ती अधिक जोराने वाजवितो, बोलणारा ओरडू लागतो, मोटारचालक भोंग्यावर हात दाबून धरतो. गोंगाटात माणसाचा आवाज नकळत चढतो, ही गोष्ट एत्येन लोंबार या फ्रेंच वैद्याने १९११ साली नोंदविली. रस्त्यावर हीच क्रिया सर्वांची एकाच वेळी चालते. प्रत्येकजण इतरांच्या वर आपला आवाज काढतो आणि शेवटी कोणाचाच निरोप पोचत नाही. रुग्णवाहिकेचा भोंगा ऐकून वाट देण्याची सवय ज्या रस्त्यावर मोडते, तेथे या कोलाहलाची किंमत आत पडलेला रोगी देत असतो.

पक्ष्यांनाही याची झळ पोचते. नेदरलँड्समधील लायडन शहरात टिट या लहान पक्ष्यांच्या गाण्याचा अभ्यास झाला. त्याचे निष्कर्ष २००३ साली प्रसिद्ध झाले. गजबजलेल्या भागातील पक्षी शांत भागातील पक्ष्यांपेक्षा उंच पट्टीत गात असल्याचे त्यात आढळले. वाहनांची घरघर खालच्या पट्टीत असल्यामुळे खालचे स्वर त्यांना निरुपयोगी झाले होते. २०२० साली कोविडच्या साथीमुळे जगभर वाहतूक थांबली, तेव्हा याच्या उलट घडले. अमेरिकेतील सान फ्रान्सिस्कोच्या परिसरात डोक्यावर पांढरे पट्टे असलेल्या एका चिमणीवर्गीय पक्ष्याची गाणी नोंदविण्यात आली. गोंगाट ओसरताच हे पक्षी हळू आवाजात आणि अधिक खालच्या स्वरांपर्यंत उतरून गाऊ लागले. तरीही त्यांचे गाणे पूर्वीपेक्षा दूरवर पोचत होते.

शाळेतील मुलांविषयीचा एक अभ्यास तर अधिकच बोलका आहे. न्यूयॉर्कमधील मॅनहॅटन बेटाच्या उत्तर भागात एका शाळेच्या अगदी शेजारून उन्नत रेल्वेमार्ग जात होता. दर काही मिनिटांनी गाडी जाई आणि त्या बाजूच्या वर्गांतील शिक्षकांना शिकविणे थांबवावे लागे. आर्लीन ब्रॉन्झाफ्ट आणि डेनिस मॅकार्थी यांनी १९७५ साली दाखवून दिले की, रुळांकडील वर्गांतील मुले त्याच शाळेच्या शांत बाजूच्या मुलांपेक्षा वाचनात मागे पडली होती. शाळा तीच आणि अभ्यासक्रमही तोच. फरक केवळ खिडकीच्या दिशेचा होता. यानंतर रुळांखाली रबराच्या गाद्या घालण्यात आल्या आणि वर्गांच्या छतांना आवाज शोषून घेणारे आवरण बसविण्यात आले. १९८१ साली प्रसिद्ध झालेल्या पुढील पाहणीत दोन्ही बाजूंच्या मुलांच्या वाचनातील फरक नाहीसा झाल्याचे दिसून आले.

या उदाहरणांवरून एक आशादायक गोष्ट निष्पन्न होते. गोंगाट कमी केला तर हरवलेले निरोप परत मिळतात. पक्ष्याचे गाणे परत येते, वर्गातील धडा परत ऐकू येतो. परंतु एक हानी अशी आहे की, गोंगाट थांबल्यावरही ती भरून निघत नाही. ती समजण्यासाठी कानाची रचना पाहिली पाहिजे.

कानाची अंतर्रचना

बाहेरून दिसणाऱ्या कानाच्या आत एक लहान नळी असते व तिच्या टोकाशी कानाचा पडदा ताणलेला असतो. ध्वनीचे तरंग पडद्यावर आदळले की तो हलतो. त्याच्या मागे तीन चिमुकली हाडे साखळीसारखी जोडलेली असतात. त्यांच्या आकारावरून त्यांना हातोडी, ऐरण आणि रिकीब अशी नावे पडली आहेत. रिकीब जेमतेम तीन मिलिमीटर उंच असून शरीरातील सर्वांत लहान हाड तेच. ही साखळी पडद्याचे कंपन आतील कानापर्यंत पोचविते.

आतील कानात गोगलगाईच्या शंखासारखी, सुमारे अडीच वेढ्यांची एक नळी असते. उलगडली तर तिची लांबी साधारण साडेतीन सेंटिमीटर भरेल. ती द्रवाने भरलेली असते आणि तिच्यातून एक लवचीक पट्टी गेलेली असते. उंच स्वरांनी या पट्टीचा सुरुवातीचा भाग अधिक हलतो आणि खालच्या स्वरांनी शेवटचा भाग, असे गेओर्ग फोन बेकेशी या हंगेरियन शास्त्रज्ञाने प्रयोगांनी दाखविले. १९६१ साली त्याला वैद्यकशास्त्राचे नोबेल पारितोषिक मिळाले. टेलिफोन खात्यात काम करीत असताना त्याने या प्रश्नात लक्ष घातले होते.

या पट्टीवर ओळीने केसपेशी मांडलेल्या असतात. प्रत्येक पेशीच्या टोकाला अत्यंत सूक्ष्म तंतूंचा झुबका असतो. पट्टी हलली की झुबके वाकतात, पेशीत विद्युत् संदेश निर्माण होतो आणि तो मज्जातंतूमार्फत मेंदूकडे जातो. डोळ्यात प्रकाश टिपणाऱ्या पेशी दहा कोटींहून अधिक असतात. एका कानातील केसपेशी मात्र सुमारे पंधरा हजारच असतात. जन्माच्या वेळी जितक्या असतात तितक्याच आयुष्यभर पुरवाव्या लागतात, कारण माणसाच्या कानात एकदा मेलेली केसपेशी पुन्हा उगवत नाही. पक्ष्यांच्या बाबतीत तसे नाही. आवाजाने नष्ट झालेल्या केसपेशी त्यांच्या कानात नव्याने तयार होतात, असे १९८८ साली प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांवरून सिद्ध झाले. हे सामर्थ्य माणसाच्या कानास देता येईल काय, यावर संशोधन चालू आहे; परंतु डॉक्टरांच्या हाती अद्याप असा उपचार आलेला नाही.

न दुखणारी इजा

इटलीतील वैद्य बेर्नार्दिनो रामाझिनी याने कारागिरांच्या रोगांवर लिहिलेला ग्रंथ १७०० साली प्रसिद्ध झाला आणि १७१३ साली त्याची वाढविलेली आवृत्ती निघाली. व्हेनिस शहरातील तांबटांविषयी त्याने लिहून ठेवले आहे की, दिवसभर हातोड्यांच्या आवाजात राहिल्यामुळे त्यांना कमी ऐकू येऊ लागते आणि म्हातारपणी ते ठार बहिरे होतात. ज्या गावात तांबट आळी आहे तेथील वाचकास याचे विशेष आश्चर्य वाटणार नाही. कोलकात्याजवळ हुगळीच्या काठी रिश्रा येथे १८५५ साली तागाची पहिली गिरणी निघाली. त्या उद्योगाचे दुसरे केंद्र स्कॉटलंडमधील डंडी हे शहर होते. मागांच्या खडखडाटात बोलणे अशक्य असल्यामुळे डंडीच्या गिरण्यांतील स्त्रिया ओठांची हालचाल वाचून व हातांच्या खुणा करून एकमेकींशी बोलत.

ही इजा दुखत नाही, हा तिचा सर्वांत घातक गुण होय. डोळ्यात तिखट उजेड शिरला तर पापणी मिटते. कानाला पापणी नाही. मोठ्या आवाजातून बाहेर आल्यावर काही वेळ कानात गुणगुण होते, आवाज दबल्यासारखे वाटतात आणि दुसऱ्या दिवशी सर्व पूर्ववत झाल्याचा भास होतो. असे पुन्हा पुन्हा घडले म्हणजे थकलेल्या केसपेशी एकेक करून मरू लागतात. बहुधा ४,००० हर्ट्झच्या आसपासचे ध्वनी टिपणाऱ्या पेशींना प्रथम बाधा होते. माणसाच्या बोलण्यातील स्वर, म्हणजे आ, ओ यांसारखे आवाज, खालच्या पट्टीत असतात आणि ते पूर्ववत ऐकू येतात. परंतु स, श, त, थ यांसारख्या व्यंजनांचा तीक्ष्ण अंश या वरच्या पट्ट्यात असतो. त्यामुळे ‘साप’, ‘ताप’ आणि ‘थाप’ हे शब्द सारखेच वाटू लागतात. कोणीतरी बोलत आहे हे कळते, काय बोलत आहे ते कळत नाही. ‘हल्लीची माणसे स्पष्ट बोलत नाहीत’ अशी तक्रार करणाऱ्या कित्येकांचे कानच अधू झालेले असतात.

कोणता आवाज किती वेळ सोसावा, याला मर्यादा आहे. कामाच्या जागी ८५ डेसिबलचा आवाज दिवसास आठ तासांपेक्षा अधिक नसावा, अशी शिफारस अमेरिकेच्या व्यावसायिक आरोग्य संस्थेने केली आहे. पुढे दर तीन डेसिबलांना ही मुदत निम्मी होते. ८८ डेसिबलला चार तास, ९१ ला दोन तास, ९४ ला एक तास. १०० डेसिबल झाले की केवळ पाव तास. भर चौकात दिवसभर उभा राहणारा वाहतूक पोलीस, बसचालक, फेरीवाला आणि रस्ता खोदणारा मजूर यांना ही मुदत निवडण्याचे स्वातंत्र्य नसते. कानात बोंडे घालून तासन्‌तास मोठ्याने संगीत ऐकणारा तरुण मात्र तीच हानी आपण होऊन ओढवून घेतो.

मापनयंत्र जवळ नसताना एक साधी कसोटी उपयोगी पडते. हाताच्या अंतरावर उभ्या असलेल्या माणसाशी बोलताना आवाज चढवावा लागत असेल, तर तेथील गोंगाट ८५ डेसिबलच्या घरात आहे असे समजावे.

कायदा आणि उपाय

एप्रिल १९९६ मध्ये कलकत्ता उच्च न्यायालयाने ध्वनिक्षेपकांसंबंधी महत्त्वाचा निर्णय दिला. बोलण्याच्या स्वातंत्र्यात इतरांना ऐकण्याची सक्ती करण्याचा अधिकार येत नाही, असे त्यात सांगितले होते. २००० साली केंद्र सरकारने सर्व देशासाठी ध्वनिप्रदूषणाचे नियम केले. त्यांनुसार निवासी भागात सकाळी सहा ते रात्री दहापर्यंत ५५ डेसिबल आणि रात्री ४५ डेसिबल ही मर्यादा आहे. रुग्णालये, शिक्षणसंस्था व न्यायालये यांच्या सभोवतालचा १०० मीटरपर्यंतचा परिसर शांतता क्षेत्र ठरविता येतो आणि तेथे ५० व ४० डेसिबल या मर्यादा लागू होतात. दिवसाच्या व रात्रीच्या मर्यादेतील दहाचा फरक लहान वाटतो. परंतु रात्रीची तीव्रता दिवसाच्या दशांशच असावी, असा त्याचा अर्थ आहे. जुलै २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही रात्री दहा ते सकाळी सहा या वेळेतील ध्वनिक्षेपकांवरील बंदीचा पुरस्कार केला.

गोंगाट तीन ठिकाणी अडविता येतो: उगमाशी, वाटेत आणि कानाशी. यांपैकी उगमाशी अडविणे सर्वांत परिणामकारक होय. मोकळ्या जागी अंतर दुप्पट झाले की एका ध्वनिक्षेपकाचा आवाज सहा डेसिबलने उतरतो. दहा मीटरवर १०० डेसिबल देणारा ध्वनिक्षेपक ५५ डेसिबलपर्यंत उतरण्यास, या हिशोबाने, सुमारे पावणेदोन किलोमीटर अंतर लागेल. घरे व हवा यांमुळे प्रत्यक्षात ते कमी होते; तरीही तोच ध्वनिक्षेपक आरंभीच वीस डेसिबल खाली ठेवणे किती सोपे आहे, हे या गणितावरून ध्यानात येईल. वाटेत अडविण्यासाठी भक्कम व सलग भिंत उपयोगी पडते. झाडांची एक ओळ आवाज अडविते, असा पुष्कळांचा समज आहे. झाडे सावली व गारवा देतात, परंतु आवाजाच्या बाबतीत एका ओळीचा उपयोग फारच थोडा. कारखान्यांतून कानटोप्यांचा वापर हा शेवटचा उपाय होय.

भोंग्याच्या बाबतीत सवय बदलणे हाच खरा उपाय आहे. मुंबईच्या वाहतूक पोलिसांनी काही चौकांत एक प्रयोग केला; त्याची माहिती जानेवारी २०२० मध्ये प्रसिद्ध झाली. सिग्नल लाल असताना भोंग्यांचा आवाज ८५ डेसिबलच्या वर गेला की तांबड्या दिव्याची मुदत पुन्हा पहिल्यापासून सुरू होई. भोंगा वाजविल्याने वाट लवकर मिळत नाही, ही गोष्ट चालकांना त्यातून प्रत्यक्ष अनुभवास आली.

शांततेचे ध्येय म्हणजे मुके शहर मात्र नव्हे. विजेवर चालणाऱ्या मोटारी मंद वेगात इतक्या निःशब्द असतात की, आंधळ्या पादचाऱ्यास त्या येत असल्याचे कळत नाही. म्हणून युरोपीय संघाने जुलै २०१९ पासून अशा मोटारींच्या नव्या नमुन्यांत, कमी वेगात सावध करणारा आवाज असणे सक्तीचे केले. ऐकू येणे आवश्यक असलेला ध्वनी ऐकू यावा, एवढीच या साऱ्या नियमांमागील अपेक्षा आहे.

विद्यार्थ्यांना एक प्रयोग सहज करता येईल. सकाळी, दुपारी आणि रात्री प्रत्येकी दहा मिनिटे एकाच खिडकीशी बसावे आणि ऐकू येणारा प्रत्येक ध्वनी वहीत लिहावा. तो कोठून आला, काय सांगत होता आणि कोणत्या आवाजाने तो झाकला गेला, हेही नोंदवावे. तीन यादींची तुलना केली म्हणजे आपल्या वस्तीतील कोणते निरोप हरवत आहेत ते समजेल. यादीतील बारीक, तीक्ष्ण आवाजांविषयी घरातील वडीलधाऱ्यांनाही विचारावे. त्यांना ते ऐकू येत नसतील, तर त्यांचा कान डॉक्टरांकडून तपासून घ्यावा.